सबबीने सुटका, सत्याने क्षमा

सर्व स्तुती अल्लाहसाठी, जो पश्चात्ताप स्वीकारणारा आणि अत्यंत दयाळू आहे. दरूद व सलाम असो अंतिम प्रेषित हजरत मुहम्मद (स.) यांच्यावर, त्यांच्या कुटुंबीयांवर आणि त्यांच्या सर्व साथीदारांवर.



माणूस उतारवयात आपल्या मुलाबाळांना आयुष्यातील कोणत्या गोष्टी सांगतो? बहुधा आपल्या कष्टाच्या, कर्तृत्वाच्या आणि धाडसाच्या. चुका मात्र तो झाकून ठेवतो आणि त्या आपल्याबरोबरच कबरीत जाव्यात अशी त्याची इच्छा असते. हजरत कअब बिन मालिक (रजि.) यांच्यापाशी सांगण्यासारखे खूप काही होते. हिजरतीपूर्वी अकबाच्या घाटीत रात्रीच्या अंधारात ज्या मदिनावासीयांनी प्रेषित (स.) यांच्या हाती बैअत केली, त्यांत ते होते. हस्सान बिन साबित आणि अब्दुल्लाह बिन रवाहा (रजि.) यांच्या बरोबरीने इस्लामचे कवी म्हणून त्यांचे नाव घेतले जाई. पुढे त्यांची दृष्टी गेली, तेव्हा मुलगा अब्दुल्लाह त्यांचा हात धरून त्यांना नेत-आणत असे. याच मुलाने वडिलांच्या तोंडून ऐकलेली एक दीर्घ हकिकत आपल्यापर्यंत पोहोचवली आहे. ती कअब (रजि.) यांच्या पराक्रमाची नाही; त्यांच्या आयुष्यातील सर्वांत मोठ्या चुकीची आहे.

ही हकिकत इमाम बुखारी (रह.) यांनी मोहिमांच्या प्रकरणात दिली आहे, तर इमाम मुस्लिम (रह.) यांनी तौबेच्या प्रकरणात. दोन्ही जागा योग्य आहेत. तिची सुरुवात एका मोहिमेपासून होते आणि शेवट तौबेत होतो.

हिजरी सन ९, म्हणजे इ.स. ६३०. रोमन साम्राज्याच्या सरहद्दीवरील तबूककडे कूच करण्याचा आदेश निघाला. अंतर सुमारे ७०० किलोमीटरचे, वाट वाळवंटाची आणि दिवस कडक उन्हाचे. मदिनेच्या बागांत फळे पिकली होती, सावली हवीहवीशी वाटत होती. एरवी प्रेषित (स.) मोहिमेची दिशा उघड करीत नसत, या वेळी मात्र लोकांनी पुरेशी तयारी करावी म्हणून त्यांनी ती स्पष्ट सांगितली. निघणाऱ्यांची संख्या इतकी मोठी होती की कोणत्याही नोंदवहीत ती मावली नसती. एखादा मागे राहिला, तर वहीवरून ते कुणाच्या लक्षात येण्याजोगे नव्हते.

कअब (रजि.) यांना कसलीही अडचण नव्हती. ते स्वतः सांगतात की आपण पूर्वी कधीही इतके धडधाकट आणि सुस्थितीत नव्हतो; स्वारीचे दोन उंट एकाच वेळी आपल्यापाशी असण्याची ती पहिलीच वेळ होती. ते रोज सकाळी तयारी करायची म्हणून घराबाहेर पडत आणि काहीही न करता परत येत. आपण मनात आणू तेव्हा हे सहज होईल, असे स्वतःला समजावत. दिवस गेले. सैन्य निघाले. तेव्हाही वाटले, एक-दोन दिवसांत निघून त्यांना गाठू. तेही झाले नाही. मोहीम दूर गेली आणि ते मदिनेतच राहिले.

त्यानंतर ते गावात फिरू लागले की त्यांना दोनच प्रकारची माणसे दिसत: ज्यांच्या दांभिकतेविषयी संशय होता ती, आणि आजारपण किंवा असहायतेमुळे अल्लाहनेच ज्यांना सूट दिली होती ती. आपण यांपैकी कुणातही बसत नाही, हे त्यांना रोज टोचत राहिले.

तिकडे तबूकला पोहोचल्यावर प्रेषित (स.) यांनी विचारणा केली, कअबचे काय झाले? बनू सलमा कबिल्यातील एकाने टोमणा मारला की उंची वस्त्रे आणि स्वतःचे कौतुक यांनी त्यांना अडवून धरले असावे. त्यावर हजरत मुआज बिन जबल (रजि.) यांनी त्याला तिथेच टोकले आणि आम्हाला कअबविषयी चांगल्याखेरीज काही ठाऊक नाही, अशी साक्ष दिली. प्रेषित (स.) गप्प राहिले.

परतीची बातमी आली तेव्हा कअब (रजि.) यांना चिंतेने घेरले. उद्या या नाराजीतून कसे सुटायचे? मनात सबबी रचल्या जाऊ लागल्या; घरच्या जाणत्या माणसांशी सल्लामसलतही झाली. शब्दांवर तर त्यांची हुकूमत होतीच, कवीच ते. पण प्रेषित (स.) मदिनेच्या वेशीशी येऊन पोहोचले आणि साऱ्या सबबी मनातून गळून पडल्या. खोटे बोलून आपण कधीच सुटणार नाही, हे त्यांना उमगले आणि त्यांनी खरे सांगण्याचा निश्चय केला.

प्रेषित (स.) प्रथम मशिदीत गेले, दोन रकअत नमाज अदा केली आणि लोकांसाठी बसले. मागे राहिलेले ऐंशीहून अधिक लोक एकामागून एक येऊ लागले. कुणी कारणे दिली, कुणी शपथा वाहिल्या. प्रेषित (स.) यांनी त्यांचे वरवरचे म्हणणे मान्य केले, त्यांच्यासाठी क्षमायाचना केली आणि अंतःकरणातील गोष्ट अल्लाहवर सोपवली. मग कअब (रजि.) समोर आले. प्रेषित (स.) यांनी स्मित केले, पण ते रागावलेल्या माणसाचे स्मित होते. का मागे राहिलात, तुम्ही तर स्वारीचे जनावरही घेतले होते ना, असा प्रश्न आला. कअब (रजि.) यांच्या उत्तराचा आशय असा होता: आपल्याऐवजी जगातल्या दुसऱ्या कुणापुढे बसलो असतो तर वाक्चातुर्याने सुटलो असतो. पण आज खोटे बोलून मी आपल्याला राजी केले, तर अल्लाह लवकरच आपल्याला माझ्यावर नाराज करील. खरे सांगितले तर आपण आज रागवाल, पण अल्लाहकडून क्षमेची आशा राहील. माझ्यापाशी कोणतेही कारण नव्हते.

यांनी खरे सांगितले आहे, असे म्हणून प्रेषित (स.) यांनी अल्लाहचा निर्णय येईपर्यंत त्यांना जाण्यास सांगितले.

बंधू-भगिनींनो, ऐंशी जण सबब सांगून त्याच दिवशी सुटले. ज्याने खरे सांगितले तो मात्र अडकला. कबिल्याचे लोक मागे लागले: तुम्हीही एखादे कारण सांगायचे होते, प्रेषितांनी क्षमायाचना केली असती आणि ते पुरेसे झाले असते. त्यांनी इतके टोचले की परत जाऊन आपलेच शब्द खोटे ठरवावेत, असा विचार एकदा त्यांच्या मनात आला. तेव्हा कळले की मुरारा बिन रबीअ आणि हिलाल बिन उमय्या (रजि.) या दोघांनीही हेच उत्तर दिले आहे. दोघे बद्रच्या लढाईत सहभागी झालेले सज्जन. त्यांची नावे ऐकून कअब (रजि.) यांचे पाऊल स्थिरावले.

त्यानंतर या तिघांशी बोलण्यास मनाई झाली. ओळखीचे गाव अनोळखी झाले. मुरारा आणि हिलाल (रजि.) घरात बसून रडत राहिले. कअब (रजि.) तिघांत तरुण होते. ते जमाअतीच्या नमाजला जात, बाजारात फिरत. पण कुणी बोलत नसे. नमाजनंतर प्रेषित (स.) यांना सलाम करीत आणि उत्तरादाखल त्यांचे ओठ हलले की नाही, हे पाहत राहत. त्यांच्या जवळच नमाज पढत आणि चोरून त्यांच्याकडे पाहत. कअब (रजि.) नमाजमध्ये गर्क असले की प्रेषित (स.) त्यांच्याकडे बघत, आणि यांनी पाहिले की नजर वळवीत. नाराजीतही नजर त्यांच्यावरच होती, हे आपण विसरू नये.

एक दिवस एकटेपण असह्य होऊन ते आपले चुलतभाऊ अबू कतादा (रजि.) यांच्या बागेची भिंत चढून आत गेले. सर्व माणसांत हे त्यांना अधिक प्रिय. सलाम केला, उत्तर नाही. अल्लाहची शपथ घालून विचारले, माझे अल्लाह आणि त्याच्या प्रेषितांवर प्रेम आहे हे तुम्हाला ठाऊक आहे ना? उत्तर नाही. पुन्हा विचारले, पुन्हा शांतता. तिसऱ्यांदा विचारल्यावर एवढेच उत्तर आले की अल्लाह आणि त्याचे प्रेषित अधिक जाणतात. कअब (रजि.) यांच्या डोळ्यांतून अश्रू वाहू लागले आणि ते भिंत ओलांडून परत आले.

अशाच दिवसांत शामहून धान्य विकायला आलेला एक नबती त्यांना शोधत आला. त्याच्याकडे गस्सानच्या राजाचे पत्र होते. तुमच्या स्वामींनी तुमच्यावर अन्याय केला आहे, आमच्याकडे या, आम्ही तुमचा मान राखू, असा त्यातील मजकूर होता. दुखावलेल्या माणसाला याहून गोड काय लागेल? कअब (रजि.) यांनी ओळखले की हीसुद्धा एक परीक्षाच आहे. त्यांनी ते पत्र तंदुरात टाकून जाळले.

चाळीस रात्री झाल्यावर पत्नीपासून दूर राहण्याचा आदेश आला. हिलाल (रजि.) वृद्ध होते, त्यांच्या पत्नीने त्यांच्या सेवेची परवानगी मागितली आणि ती मिळाली. कअब (रजि.) यांनी मात्र आपण तरुण आहोत म्हणून सवलत मागितली नाही, पत्नीला निर्णय होईपर्यंत माहेरी राहण्यास सांगितले.

पन्नासाव्या रात्रीनंतरची पहाट. घराच्या छतावर फजरची नमाज पढून ते बसले होते. एवढ्यात सलअ डोंगरावरून कुणीतरी उंच आवाजात हाक दिली: कअब, आनंदाची वार्ता आहे! ते तिथेच सजद्यात पडले. त्या रात्री वहय उतरली, तेव्हा प्रेषित (स.) हजरत उम्मे सलमा (रजि.) यांच्या घरी होते. मी कअबना निरोप पाठवू का, असे त्यांनी विचारले होते. पण लोक गर्दी करतील आणि तुमची झोप होऊ देणार नाहीत, म्हणून फजरपर्यंत थांबावे असे ठरले. फजरनंतर एक जण घोड्यावरून वार्ता घेऊन निघाला, तर दुसरा डोंगरावर चढला आणि त्याची हाक घोड्याच्या आधी पोहोचली. हाक देणारा आला तेव्हा कअब (रजि.) यांनी अंगावरची दोन्ही वस्त्रे त्याला भेट दिली. घालायला दुसरी नव्हती. ती उसनी घेऊन ते मशिदीकडे धावले.

मशिदीत हजरत तलहा बिन उबैदुल्लाह (रजि.) उठून धावत आले, हात हातात घेतला आणि अभिनंदन केले. तलहांची ही कृती कअब (रजि.) कधी विसरले नाहीत. आणि ज्या मुखाकडे ते पन्नास दिवस चोरून पाहत होते, ते मुख आनंदाने चंद्रासारखे उजळले होते. आईने जन्म दिल्यापासूनचा हा तुमचा सर्वोत्तम दिवस, अशा आशयाचे उद्गार प्रेषित (स.) यांनी काढले. या आनंदात कअब (रजि.) सारी संपत्ती दान करायला निघाले, प्रेषित (स.) यांनी त्यांना काही भाग स्वतःसाठी राखण्यास सांगितले.

सूरह तौबाच्या ११८ व्या आयतीत या तिघांचा उल्लेख आहे: पृथ्वी विशाल असूनही त्यांना अपुरी झाली, त्यांचा जीव त्यांनाच नकोसा झाला, आणि अल्लाहखेरीज आसरा नाही हे त्यांनी जाणले. लगेच पुढच्या आयतीत श्रद्धावंतांना अल्लाहचे भय बाळगण्याचा आणि सत्यवानांच्या सोबत राहण्याचा आदेश आहे. ज्या ऐंशींनी शपथा वाहिल्या, त्यांच्याविषयी याच सूरहमध्ये कठोर शब्द आले. त्या दिवशी ते सुटले होते. त्यांना क्षमा मात्र मिळाली नव्हती.

या हकिकतीचा गाभा मला इथे दिसतो. सबब माणसाला माणसांपासून सोडवते; क्षमा मात्र कबुलीलाच मिळते. जो आपला दोष मान्यच करीत नाही, तो तौबा कशाची करणार?

हे मी पुस्तकातून शिकलो, पण समजले ते उशिरा. आमच्या मशिदीत पहिल्या सफेत बसणारे एक वयोवृद्ध नमाजी आजारी पडले. इमामसाहेबांनी एकदा येऊन जावे, असा त्यांनी मुलाकरवी निरोप पाठवला. घर दहा मिनिटांच्या अंतरावर. मी इन्शाअल्लाह म्हणालो. आज जाऊ, उद्या जाऊ, असे करता करता अकरा दिवस गेले आणि बाराव्या दिवशी त्यांच्या जनाजाची नमाज मीच पढवली. कब्रस्तानातून परतताना मुलगा म्हणाला, अब्बा तुमची वाट पाहत होते. माझ्या तोंडून निघून गेले, मी परगावी होतो. त्यांनी मान हलवली. विषय संपला.

काही आठवड्यांनी इशाच्या नमाजनंतर दर्समध्ये मी हीच हदीस सांगत होतो. सबबी सांगणाऱ्यांच्या प्रसंगापाशी आलो आणि मला पुढे बोलता येईना. दुसऱ्या दिवशी मी त्यांच्या घरी गेलो आणि सांगितले की मी परगावी नव्हतो, मी फक्त टाळत राहिलो. ते बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, इमामसाहेब, मला त्याच दिवशी कळले होते. मुअज्जिनसाहेब रजेवर होते ना? पाचही वेळची अजान तुमच्याच आवाजात येत होती. अब्बा खाटेवरून ऐकत होते.

मी माफी मागितली. त्यांनी त्या दिवशी काही उत्तर दिले नाही आणि तो त्यांचा हक्क होता. पुढे एका शुक्रवारी नमाजनंतर त्यांनी स्वतःहून येऊन मुसाफहा केला, तेव्हा हजरत तलहांचा हात कअब (रजि.) यांना जन्मभर का आठवत राहिला, हे मला कळले.

आता आपापल्या घरात पाहू या. बहिणींचा वारसाहक्क 'नंतर बघू' म्हणून कितीदा पुढे ढकलला जातो? उसने पैसे, जकातीचा हिशेब, रागावलेल्या भावाच्या दारी जाणे, हे सारे आपण कधी नाकारत नाही. फक्त उद्यावर टाकतो. कअब (रजि.) यांनीही नकार दिला नव्हता. याच मोहिमेत हजरत अबू खैसमा (रजि.) हेही मागे राहिले होते, पण ते उशिरा का होईना निघाले आणि तबूकला जाऊन मिळाले. उशीर झाला तरी वाट मोकळी असते, तोवर निघावे.

आणि मुलांच्या बाबतीत विशेष जपावे. चूक कबूल करणाऱ्या मुलाला मार आणि सफाईने खोटे बोलणाऱ्याला सुटका, असा नियम घरात रुजला, तर आपण आपल्या हातांनी त्यांना ऐंशींच्या रांगेत उभे करतो. खरे बोलणाऱ्याने चुकीची किंमत मोजावी, पण खरे बोलल्याची शाबासकीही त्याला मिळावी. कअब (रजि.) यांच्या बाबतीत पहिले वाक्य हेच होते की यांनी खरे सांगितले आहे.

एक इशारा देणे आवश्यक वाटते. या हकिकतीचा आधार घेऊन कुणी गावात, जमातीत एखाद्या कुटुंबाला वाळीत टाकण्याचे समर्थन करू नये. तो आदेश अल्लाहच्या प्रेषितांचा होता आणि त्याचा शेवट अल्लाहच्या वहयने झाला. वर्गणीच्या वादातून, लग्नाच्या किंवा निवडणुकीच्या रागातून घातलेल्या बहिष्काराशी त्याचा काडीचाही संबंध नाही. आपल्या राज्याने सामाजिक बहिष्काराविरुद्ध २०१६ मध्ये कायदाही केला आहे. ज्यांना या प्रसंगातून समाजासाठी काही घ्यायचे असेल, त्यांनी पाठीमागे झालेल्या निंदेला तिथल्या तिथे अडवणारे मुआज (रजि.) घ्यावेत, रात्रीच निरोप पाठवू पाहणाऱ्या उम्मे सलमा (रजि.) घ्याव्यात, डोंगर चढून हाक देणारा तो माणूस घ्यावा. परत येणाऱ्याच्या स्वागताला धावणारी माणसे ज्या वस्तीत असतात, तिथे खरे बोलण्याचे धैर्य वाढते.

त्या दिवसापासून आपण जाणूनबुजून कधी खोटे बोललो नाही, असे कअब (रजि.) यांनी म्हटले आहे. इस्लामच्या देणगीनंतर अल्लाहची आपल्यावरील सर्वांत मोठी कृपा म्हणजे त्या दिवशी आपण खरे बोललो, असे ते मानत. पन्नास रात्रींचे दुःख भोगलेला माणूस त्या दुःखाच्या कारणालाच कृपा म्हणतो!

आज रात्री झोपण्यापूर्वी प्रत्येकाने आठवावे, आपण कुणाला कोणती सबब सांगितली आहे. त्या माणसाचे दार अजून उघडे असेल, तर उद्याची वाट पाहू नये.

हे अल्लाह, आमच्या जिभेला सत्य दे, आमच्या चुका मान्य करण्याचे बळ दे, आम्हाला सत्यवानांची सोबत दे आणि आमची तौबा स्वीकार. आमीन.